झाडं तुम्हाला नकोत, बिल मात्र बांडगुळाच्या नावाने

मुलुंड, भांडुप, घाटकोपरच्या मित्रांनो, आज जरा लांबलचक लिहिणार आहे. ज्यांच्या सोसायटीच्या आवारात एक तरी जुनं झाड उभं आहे त्यांनी शेवटपर्यंत वाचा. बाकीच्यांनी निदान शेअर करा.

गेल्या दीड महिन्यात माझ्याकडे व्हॉट्सॲपवर तीन अर्जांचे फोटो आले. तीन वेगळ्या सोसायट्या, तीन वेगळे रस्ते, पाठवणारी माणसंही एकमेकांना ओळखत नाहीत. विषय एकच. ‘आवारातील वृक्ष बांढगुळग्रस्त असल्याने धोकादायक झाले असून ते समूळ तोडण्यास परवानगी मिळावी.’ तिन्ही अर्जांत वाक्य तेच आणि ‘बांढगुळ’ ही चूकही तीच. ड ऐवजी ढ. आता तीन सेक्रेटरींना एकाच वेळी एकाच अक्षरावर अडखळायला होतं, यावर विश्वास ठेवायला माझी हरकत नाही. पण वीस वर्षं बातम्या लिहिल्यावर माणसाला एक खोड लागते. मी आणखी एक गोष्ट तपासली. तिन्ही इमारती रिडेव्हलपमेंटला चालल्यात.

म्हणून आज बांडगुळाची बाजू घ्यायला बसलोय. हसा खुशाल. माझ्या बायकोनेही हसून घेतलं.

आधी आरोपीची ओळख करून देतो, कारण ज्याच्यावर खटला भरलाय तो कोण हे सह्या करणाऱ्यांपैकी अर्ध्यांना माहीत नाही. एका सोसायटीत मी विचारलं, ‘काका, बांडगूळ दाखवा ना मला.’ काकांनी बोट दाखवलं ते पिंपळाच्या रोपाकडे, जे गच्चीच्या पाइपाशेजारी उगवलं होतं. दुसऱ्यांनी आमराईत दिसणारं ऑर्किडसारखं काहीतरी दाखवलं. ऑर्किड झाडावर नुसतं बसतं, झाडाचं काही घेत नाही. बांडगूळ वेगळं. आंबा, कदंब, चिकू, अशा झाडांच्या फांदीवर मध्येच एक वेगळ्याच पानांचा दाट झुबका दिसतो, पानं जाडसर, हिरवी-राखाडी, फुलं लांबट नळीसारखी, केशरी-लालसर. ते बांडगूळ. शास्त्रीय नाव डेंड्रोफ्थी फल्काटा. आपल्या देशात तीनशेहून अधिक जातींच्या झाडांवर ते आढळलंय. कोकणात जुनी माणसं याला वांदा पण म्हणतात.

हे झाडावर पोचतं कसं, ही गोष्ट मला फार आवडते, तेव्हा थोडा वेळ घेतो. त्याच्या फळातला गर भयंकर चिकट असतो. फुलटोचा नावाचा एक पक्षी आहे, अंगठ्याएवढा, मळकट रंगाचा, चिक चिक आवाज करत सतत वर फिरणारा. आपल्या उपनगरांत तो सगळीकडे आहे, पण इतका लहान की कोणी वर बघत नाही. तो फळ गिळतो आणि काही मिनिटांत बी जशीच्या तशी बाहेर पडते, चिकासकट. ती खाली पडत नाही, बुडाला चिकटते. मग पक्षी फांदीवर बूड घासतो आणि बी फांदीला लागते. तिथेच तिला कोंब फुटतो, कोंबाचं टोक सालीला चिकटून चपटं होतं आणि तिथून आत घुसतं. जमिनीला कधीही पाय न लावता एक अख्खं झुडूप तयार. यावर सालिम अलींनी १९३१ साली बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या जर्नलमध्ये लिहिलंय, तेही कोकणातल्या बांडगुळावर. फुलटोचे आणि सूर्यपक्षी मिळून या झाडाचा प्रसार कसा करतात यावर. म्हणजे नव्वद वर्षांहून जास्त काळ आपल्या दाराशी हा विषय अभ्यासलेला पडलाय. आपल्याला मात्र त्याची आठवण आली ती झाड तोडायचं कारण शोधताना.

आता गुन्हा किती ते पाहू. बांडगूळ यजमान झाडाचं पाणी आणि क्षार चोरतं, हे खरं. त्यात शंका नाही. पण ते हिरवं आहे. हिरवं आहे म्हणजे उन्हात स्वतःचं अन्न स्वतः शिजवतं. चोरी पाण्याची, चूल स्वतःची. पूर्ण फुकटखाऊ बघायचा असेल तर कुंपणावर पिवळ्या शेवयांसारखी पसरलेली अमरवेल बघा. तिला पानं नाहीत, मूळ जमिनीत नाही, सगळं दुसऱ्याकडून. बांडगूळ तसं नाही, अर्धं तरी कमावून खातं.

झाडाचं नुकसान होतं का? होतं. खोटं कशाला बोलू. माझं आजोळ रत्नागिरी जिल्ह्यातलं, कलमांवर बांडगूळ वाढू दिलं की त्या फांदीपुढचा भाग रोडावतो, मोहर कमी येतो, पुढे फांदी वाळते. हे कुठलाही बागायतदार सांगेल. एका झाडावर आठ-दहा ठिकाणी मोठी बांडगुळं झाली आणि वर्षानुवर्षं कोणी पाहिलंच नाही, तर झाड खंगतं. पण तोच बागायतदार पुढे काय करतो? कलम मुळापासून कापतो का? त्याला वेड लागलंय का? तो कोयता घेऊन वर चढतो, किंवा गडी चढवतो, बांडगूळ जिथे चिकटलंय त्याच्या खालून ती फांदी कापतो, कापल्या जागी बोर्डो पेस्ट लावतो आणि खाली उतरतो. नुसतं झुडूप ओरबाडून चालत नाही, कारण फांदीच्या आत राहिलेल्या भागातून ते पुन्हा फुटतं. फळं पिकायच्या आत केलं तर उत्तम, म्हणजे फुलटोच्याला पुढे वाटायला बी मिळत नाही. एवढंच. याला उपचार म्हणतात. दात किडला म्हणून डोकं उडवत नाहीत.

सोसायटीच्या आवारातल्या झाडाची छाटणी महापालिकेच्या परवानगीने सोसायटीने स्वखर्चाने करायची असते. मग मी तिन्ही ठिकाणी विचारलं की गेल्या पाच वर्षांत बांडगूळ काढण्यासाठी छाटणीची परवानगी मागितली होती का? दोन ठिकाणी ‘नाही’. तिसऱ्या ठिकाणी सेक्रेटरी साहेब म्हणाले, ‘अहो पत्रकार, एवढ्या खोलात कशाला शिरताय, झाड काय तुमच्या घरचं आहे का?’

नाही, माझ्या घरचं नाही. पण त्या झाडाची सावली रस्त्यावर पडते आणि रस्त्याने मी रोज स्टेशनला जातो.

तिन्ही अर्ज मी नीट वाचले. एकातही झाडाचं वय नाही. दोनांत जातही नाही, नुसतं ‘मोठे झाड’. कितव्या फांदीवर, किती बांडगुळं, खोड पोकळ आहे का, झाड कलतंय का, कुठल्याही जाणकाराने येऊन पाहिलं का, काहीच नाही. एका अर्जाला जोडलेल्या फोटोत तर बांडगूळ एकच दिसतं, तेही शेंड्याकडे, रेनट्रीच्या एका बाजूच्या फांदीवर. आणि त्या एका झुबक्यासाठी आवारातली सहाच्या सहा झाडं समूळ! बाकीच्या पाचांचा दोष काय, शेजारधर्म?

वय का नाही, हे जरा समजून घ्या, कारण गोम तिथेच आहे.

महाराष्ट्रात शहरांतल्या झाडांसाठी १९७५ चा कायदा आहे. त्यात २०२१ मध्ये दुरुस्ती झाली. त्या दुरुस्तीनुसार ५० वर्षं किंवा त्याहून जुनं झाड हे हेरिटेज वृक्ष. आणि झाड तोडायची परवानगी मिळाली तर तोडलेल्या झाडाचं वय जितकं, तितकी नवी झाडं लावायची. तीही कुंडीतली काडी नाही, सहा ते आठ फूट उंचीची रोपं, आणि ती सात वर्षं जगवायची जबाबदारी. आता गणित करा. मुलुंडची आणि भांडुपची बहुतेक सहकारी सोसायट्यांची बांधकामं सत्तर-ऐंशीच्या दशकांतली. झाडं त्याच सुमारास लावलेली. म्हणजे आज ती ४५, ४७, ४९ वर्षांची आहेत. दोन-चार वर्षं थांबलं तर ती हेरिटेज होतात. आणि आत्ताच तोडली तरी सहा झाडांची मिळून पावणेतीनशेच्या आसपास रोपं लावावी लागतात. दोन बेसमेंट आणि पोडियम पार्किंग काढल्यावर पावणेतीनशे झाडं लावायला माती उरते कुठे?

उलट अर्जात ‘रोगट’, ‘धोकादायक’ हे शब्द आले की सगळ्यांचीच चाल बदलते. अधिकारी घाबरतो, उद्या फांदी पडली तर माझ्या गळ्यात. रहिवासी घाबरतात, मुलं खाली खेळतात. हरकत घेणारा खलनायक ठरतो. बांधकामासाठी झाड हवंय असं लिहिलं तर चार प्रश्न येतात, बांडगूळ लिहिलं की सहानुभूती येते. आणि नंतर जेव्हा बिल्डरचा नकाशा मंजुरीला जातो तेव्हा प्लॉट अगदी स्वच्छ, झाड एकही नाही. कुणालाच काही विचारायचं उरलेलं नसतं.

मी रिडेव्हलपमेंटच्या विरोधात नाही, हे इथे ठणकावून सांगतो, कारण कमेंटमध्ये पहिला दगड तोच येणार आहे. पंचेचाळीस वर्षांच्या इमारतीत लिफ्ट नसताना चौथ्या मजल्यावर गुडघे धरून चढणाऱ्या आजी मला माहीत आहेत. स्लॅबचे पोपडे जेवणाच्या ताटात पडतात, ते मी पाहिलेत. त्यांना नवं घर मिळायलाच हवं. पण मग तसं लिहा ना. ‘आम्हाला बांधकामासाठी सहापैकी चार झाडं काढावी लागतील, दोन वाचवता येतील, बदल्यात अमुक इतकी झाडं अमुक ठिकाणी लावू.’ यावर चर्चा होऊ शकते. आर्किटेक्टला रॅम्प तीन मीटर सरकवायला सांगता येतं. कडेचं झाड तर बहुतेक वेळा वाचतं, इच्छा असेल तर. खोटं कारण दिलं की ही सगळी चर्चाच मरते, आणि ती मरावी हाच हेतू असतो.

दुसरा दगड: ‘झाड पडून माणूस मेला तर?’ हा प्रश्न मी हलक्यात घेत नाही. जुलै २०१७ मध्ये चेंबूरला सकाळी रस्त्याने जाणाऱ्या एका महिलेच्या अंगावर नारळाचं झाड कोसळलं आणि तिचा जीव गेला. दर पावसाळ्यात अशा बातम्या आम्हाला लिहाव्या लागतात. खरोखर धोकादायक झाड असेल तर ते काढलंच पाहिजे, एक दिवसही न थांबता. पण झाडं पडतात कशाने? मे २०२१ मध्ये तौक्ते वादळात मुंबईत शेकडो झाडं पडली. पडलेल्या झाडांचे फोटो काढत मी दोन दिवस हिंडत होतो. ज्यांची बुंध्यापासून उन्मळली त्यांची मुळं बघा म्हणून लोकांना सांगत होतो. एका बाजूने मुळं सपाट कापलेली, जणू सुरीने. तिथून कधीतरी केबलचा, गॅसचा नाहीतर गटाराचा चर गेलेला. बुंध्याभोवती गळपट्ट्यासारखं काँक्रीट. वर छाटणी अशी की रस्त्याच्या बाजूच्या सगळ्या फांद्या गायब आणि सगळं वजन इमारतीच्या बाजूला. असं झाड वादळाची वाटही बघत नाही.

राष्ट्रीय हरित लवादाने २०१३ मध्येच दिल्लीच्या प्रकरणात आदेश दिला होता की झाडांच्या बुंध्याभोवती एक मीटर परिघातलं काँक्रीट काढा. तो आदेश दिल्लीचा, पण झाड दिल्लीतही पाणी मुळांनीच पितं आणि मुलुंडातही. आपल्याकडे काय चाललंय? जानेवारी २०२३ मध्ये मुंबईतल्या सुमारे ४०० किलोमीटर रस्त्यांच्या काँक्रीटीकरणाचं भूमिपूजन झालं, खर्च सहा हजार कोटींच्या घरात. रस्ते चांगले व्हावेत, खड्ड्यांत माझीही स्कूटर आदळते. पण तुमच्या गल्लीत नवा रस्ता झाला असेल तर आत्ता खाली जाऊन बघा, झाडाच्या बुंध्याला किती माती मोकळी ठेवलीय. हाताचा पंजा मावला तर मला फोटो पाठवा.

पाणी मिळत नाही, मुळं कापली, वर पिठ्या ढेकूण लागला. हा पिठ्या ढेकूण म्हणजे मिलीबग. गेल्या दशकात उपनगरांतले कितीतरी रेनट्री आपल्या डोळ्यांदेखत वाळून गेले, पूर्व द्रुतगती मार्गाच्या आजूबाजूला तुम्हीही पाहिलेत. आधीच अर्धमेल्या झाडावर बांडगुळाचा भार जास्त जाणवतो, हे कुणालाही कळेल. ताप आलेल्या माणसाला सर्दी जड जाते. पण मग दाखल्यावर मृत्यूचं कारण ‘सर्दी’ लिहायचं का?

महापालिकेच्या गेल्या वृक्षगणनेत मुंबईत जवळपास २९ लाख ७५ हजार झाडं मोजली होती. आकडा ऐकायला भरघोस वाटतो. पण यातली किती संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाच्या आणि आरेच्या बाजूला, किती खासगी आवारांत, हे समजून घेतलं तर कळेल की रस्त्यांवरची सावली बऱ्याच ठिकाणी सोसायटीच्या भिंतीआतल्या झाडांचीच आहे. मुलुंड १९२२ च्या सुमारास आखलं गेलं तेव्हा काटकोनात रस्ते पाडून आखलं होतं, दोन्ही बाजूंनी बंगले, बंगल्यांना आवार, आवारात झाडं. बंगले गेले, चाळी-सोसायट्या आल्या, झाडं बरीचशी टिकली होती. आता तीच शेवटची खेप जाते आहे. एकेक आवार करून. म्हणून कुणाला दिसत नाही.

आरेचं सगळ्यांना दिसलं. ४ ऑक्टोबर २०१९ ला उच्च न्यायालयाने याचिका फेटाळल्या, त्याच रात्री करवती सुरू झाल्या आणि ७ तारखेला सर्वोच्च न्यायालयाने थांबवेपर्यंत २,१४१ झाडं पडली होती. त्या तीन दिवसांत आमच्या भागातल्या निम्म्या लोकांनी डीपी हिरवा केला होता. मी नावं घेत नाही. पण त्या तीन अर्जांच्या खाली ज्यांच्या सह्या आहेत, त्यांतल्या दोघांची २०१९ ची स्टेटसं मला आठवतात. आरेत कुऱ्हाड चालवली की सरकार निर्दयी, आणि आपल्या आवारात चालवली की पार्किंगची सोय.

आता थोडं लांबचं सांगतो. न्यूझीलंड माहीत आहे, क्रिकेटवाल्यांचं. दक्षिण गोलार्धात, कुठल्याही मोठ्या भूभागापासून दूर, समुद्राने वेढलेली बेटं. तिथल्या उत्तर बेटावर बांडगुळाची एक जात होती जी जगात दुसरीकडे कुठेच नव्हती. ट्रायलेपिडिया ॲडम्साय. जंगल तोडलं गेलं, बी पसरवणारे पक्षी कमी झाले, ऑस्ट्रेलियातून फरच्या धंद्यासाठी आणलेले पॉसम नावाचे प्राणी पाला फस्त करत सुटले, वर संग्राहकांनीही ओरबाडलं. १९५४ मध्ये ते शेवटचं दिसलं. त्यानंतर नाही. आज तिथे उरलेल्या दुसऱ्या बांडगुळांसाठी झाडांच्या खोडाला पत्र्याचे पट्टे ठोकतात, पॉसम वर चढू नये म्हणून. बघा, बांडगूळ वाचवायला लोक शिड्या लावून उभे आहेत. आपलं बांडगूळ काही नामशेष व्हायला आलेलं नाही, ते भरपूर आहे, तेव्हा उगाच रडगाणं गात नाही. सांगायचा मुद्दा वेगळा आहे. त्या लोकांना उशिरा का होईना कळलं की ही वनस्पती एकटी जात नाही.

शेजारच्या ऑस्ट्रेलियात तर हे मोजूनच पाहिलं. काही रानांच्या तुकड्यांतली सगळी बांडगुळं काढून टाकली, काही तशीच ठेवली आणि तीन वर्षांनी पक्षी मोजले. २०१२ मध्ये निष्कर्ष छापून आले. जिथून बांडगूळ काढलं तिथे रानावर अवलंबून असलेल्या पक्ष्यांच्या जातींपैकी पावभागाहून अधिक कमी झाल्या होत्या. नवल म्हणजे फळं-मध खाणारेच नाहीत, किडे खाणारेही. कारण बांडगुळाची पानं सतत गळतात, खालची माती सकस होते, मातीत किडे होतात.

आणि इथे मुंबईत? हळदीकुंकू नावाचं फुलपाखरू पाहिलंय ना तुम्ही? पंखांच्या खालच्या बाजूला हळदीसारखा पिवळा रंग आणि कडेला कुंकवाचे ठिपके. मराठीत इतकं चपखल नाव क्वचितच कुणाला मिळालं असेल. ते आपली अंडी बांडगुळाच्या पानावर घालतं, एकत्र, रांगेने. त्याच्या अळ्या तोच पाला खाऊन वाढतात. आमच्या गल्लीत उन्हाळ्यात उंचावरून संथ जाणारी ही पिवळी-लाल फुलपाखरं दिसतात, त्यामागे कुणाच्या तरी आंब्यावरचं बांडगूळ आहे. नळीसारख्या फुलांवर सूर्यपक्षी येतात, फुलटोचा येतो. चौथ्या मजल्यावरच्या खिडकीतून शहरातल्या मुलाला एवढं दिसत असेल तर त्याला नॅशनल पार्कच्या तिकिटाचे पैसे वाचतात.

(नाताळात बोरिवलीच्या आय.सी. कॉलनीत गेलात तर काही दारांवर हिरव्या पानांची प्लास्टिकची जुडी टांगलेली दिसेल. ते युरोपातलं बांडगूळ. तिकडे ते शुभ मानतात, त्याच्याखाली चुंबन घेतात. आपण तसल्याच झाडाच्या नावाने शिव्या देतो. असो.)

शिव्यांवरूनच आठवलं. आपल्या राजकारण्यांना हा शब्द फार प्रिय आहे. विरोधी पक्षातून आलेला माणूस बांडगूळ, पक्ष सोडून गेलेला बांडगूळ, फेरीवाला बांडगूळ, झोपडीतला बांडगूळ, परप्रांतीय बांडगूळ, आम्ही पत्रकारही अधूनमधून बांडगूळ. त्या सोसायटीच्या सभेत तर एका सभासदाने झाड तोडायला विरोध करणाऱ्या भाडेकरू कुटुंबालाच ‘तुम्ही काय बोलता, तुम्ही इथली बांडगुळं’ असं सुनावलं. अकरा महिन्यांचं भाडं आगाऊ देणारी माणसं बांडगुळं! आणि जो गृहस्थ पंचेचाळीस वर्षं त्या झाडाची फुकट सावली, फुकट गारवा खाऊन आता त्यालाच कापायला निघालाय, त्याला काय म्हणायचं? बांडगूळ म्हणू नका. यजमान मेला की बांडगूळही मरतं, त्यामुळे ते स्वतःहून झाड तोडायचा अर्ज कधीच करणार नाही.

मार्च २०२२ मध्ये महापालिकेतल्या नगरसेवकांची मुदत संपली आणि पुढे बराच काळ प्रशासक होता. त्या काळात झाडाची तक्रार घेऊन जायला दार राहिलं नव्हतं, हे मी तेव्हाही लिहिलं होतं. लोकप्रतिनिधी असोत वा नसोत, कायद्याने दिलेली एक गोष्ट मात्र तुमच्या हातात आहे. झाड तोडायचा प्रस्ताव आला की त्या झाडावर नोटीस लावावी लागते, वर्तमानपत्रात जाहीर सूचना द्यावी लागते आणि हरकती मागवाव्या लागतात. सात दिवस असतात. नोटीस बहुतेकदा अशा बाजूला चिकटवतात जिथून फक्त भिंतीला ती वाचता येते. तेव्हा झाडाला एक चक्कर मारा. हरकत साध्या कागदावर चालते. तिच्यात भावना लिहू नका, ‘झाड आमच्या आईसारखं’ वगैरे लिहून फाइल जाड होते, उपयोग शून्य. प्रश्न लिहा. झाडाची जात कोणती, वय किती, खोडाचा घेर किती. बांडगूळ किती फांद्यांवर आहे. फांदी छाटून ते काढता येईल का, नसेल तर का नाही. पाहणी कोणत्या तारखेला कोणी केली. याच जागेवर पुनर्विकासाचा प्रस्ताव आहे का, असल्यास त्या नकाशात ही झाडं दाखवली आहेत का. शेवटचा प्रश्न विसरू नका, तिथेच सगळ्यांची बोबडी वळते. उत्तर आलं नाही तर दहा रुपयांचा माहिती अधिकाराचा अर्ज आहेच. आणि नोटीस नसताना करवत दिसली तर आधी फोटो, मग १९१६ वर फोन, मग भांडण. क्रम लक्षात ठेवा. आपली माणसं भांडण आधी करतात आणि फोटो काढायचा राहून जातो.

आणखी एक, हे सोसायटीच्या कमिट्यांसाठी. तुमच्या झाडावर खरंच बांडगूळ वाढलं असेल तर पावसाळ्याआधी छाटणीची परवानगी मागा आणि जाणता माळी लावा. ज्या ठेकेदाराला लाकडाच्या वजनावर कमाई आहे त्याला झाडाची तब्येत विचारू नका. तो प्रत्येक झाड आजारीच सांगणार.

तीन अर्जांपैकी एका सोसायटीतल्या झाडांवर परवा नोटीस लागली आहे. सहा झाडं, त्यात दोन रेनट्री, एक आंबा, एक कदंब. हरकतीची मुदत पुढच्या मंगळवारी संपते. सोसायटीचं नाव इथे लिहीत नाही, कारण आतल्या काही चांगल्या माणसांनीच मला फोटो पाठवलेत आणि त्यांना तिथेच राहायचंय. ज्यांना हरकत घ्यायची आहे त्यांनी इनबॉक्समध्ये या, पत्ता आणि अर्जाचा नमुना पाठवतो. रविवारी सकाळी साडेसातला मी रस्त्याच्या बाजूने ती झाडं मोजायला उभा राहणार आहे, घेर मोजायला टेप आणि बांडगूळ बघायला दुर्बीण घेऊन. वनस्पतिशास्त्र शिकवणाऱ्या एका बाईंनी यायचं कबूल केलंय. सेक्रेटरी साहेब, तुम्हीही या. चहा माझ्याकडून. आणि येताना ते दुसरं, तिसरं, चौथं बांडगूळ कुठल्या फांदीवर आहे ते दाखवायची तयारी करून या.